तुर्की सिनेमातला संकलक आणि ध्वनीवाला: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फिल्म सोसायटीत तुर्की चित्रपट दाखवला की नंतरच्या चहाला प्रश्न दिग्दर्शकाबद्दल सुरू होतात. दुसऱ्या कपापर्यंत कुणीतरी विचारतंच, "पण तो वारा खरा होता का हो?" मी स्वतः संकलनाच्या खोलीत वर्षं घालवलेला माणूस, त्यामुळे उत्तर द्यायची पाळी माझ्यावर येते. तेच प्रश्न पुन्हा पुन्हा आले, म्हणून उत्तरं एकदाची लिहून काढली आहेत.

तुर्कीत संकलकाला काय म्हणतात?

कुर्गुजु. संकलन म्हणजे 'कुर्गु'. हा शब्द 'कुर्माक' या क्रियापदातून येतो. कुर्माक म्हणजे उभारणं, रचणं, जुळवून बसवणं. तंबू ठोकायला, वाक्य रचायला आणि घड्याळाला चावी द्यायलाही हेच क्रियापद. शिवाय विज्ञानकथेला तिथे 'बिलिमकुर्गु' म्हणतात, म्हणजे 'कुर्गु'त कल्पितही आलं. आपला 'संकलन' हा शब्द गोळा करण्याचा, वेचण्याचा आहे. मला विचाराल तर तुर्की शब्द कामाच्या जास्त जवळ जातो.

ध्वनीला म्हणतात 'सेस'. माणसाचा आवाज, दाराची करकर, पियानोचा सूर, सगळं 'सेस'. आपल्या 'आवाज'सारखंच. तो फारसीतून आलेला 'आवाज' त्यांच्याकडेही आहे, पण 'आवाझ आवाझ' ओरडणं म्हणजे घसा फाडून ओरडणं, एवढ्यापुरताच तो उरलाय.

येशिलचाम म्हणजे नक्की काय?

इस्तंबूलच्या बेयोलू भागातली एक गल्ली. निर्मात्यांची कार्यालयं तिथे होती, म्हणून त्या काळाच्या सगळ्या लोकप्रिय सिनेमालाच ते नाव पडलं. 1950 ते 1970 च्या दशकांतला हा पसारा. 1972 साली तिथे सुमारे 300 चित्रपट निघाले. म्हणजे दिवसाआड एकाहून जास्त.

एवढे चित्रपट कापून जोडणार कोण आणि कसे?

सगळं उत्तर एका गोष्टीत आहे. येशिलचामचे चित्रपट मुके चित्रित होत. सेटवर ध्वनिमुद्रण नाहीच. कॅमेरा घरघरला तरी चालेल, रस्त्यावर भाजीवाला ओरडला तरी चालेल, दिग्दर्शक शॉट चालू असताना "आता डोळे पूस" असं सांगत असला तरी चालेल. नटांना संवाद पाठ करायलाही वेळ नसे. नाटकातल्यासारखा एक 'सुफ्ल्योर', म्हणजे प्रॉम्प्टर, कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून वाक्यं वाचायचा आणि नट ती ऐकून म्हणायचे. कच्ची फिल्म परदेशातून येणारी आणि महाग. त्यामुळे टेक मोजके आणि वाया घालवायला काही नाही.

आता अशा मालावर संकलक बसला की त्याच्यापुढे काय असतं ते डोळ्यांसमोर आणा. हलणारे ओठ आहेत, आवाज नाही. ऐकून ओघ ठरवायचा म्हटलं तर कानात काहीच नाही. तो संहितेवर बोट ठेवून वाक्याची लांबी मनात मोजायचा आणि तिथे कात्री लावायचा. नंतर डबिंगच्या स्टुडिओत रीळ तुकड्यातुकड्याने पडद्यावर फिरवायचं आणि आवाजी कलाकारांनी ओठांना ओठ मिळवायचे. पावलं, कपबशा, थपडा यांचे आवाज शेवटी.

म्हणजे त्या काळातल्या संकलकाला कान नव्हते असं नाही. उलट, न ऐकू येणाऱ्या वाक्याचा श्वास कळणं ही त्याची पहिली पात्रता होती. आजच्या संगणकावरच्या टाइमलाइनवर आवाजाच्या लाटांची नक्षी पाहून कापणाऱ्यांना (त्यात मीही आलो) हे जमेल असं वाटत नाही.

नट स्वतःचा आवाज का देत नसत?

काहींना वेळ नसे, एकाच महिन्यात दोन-तीन चित्रपट चालू. काहींचा आवाज चेहऱ्याला शोभत नाही असं निर्माते ठरवत. त्यातून डबिंग कलाकारांची एक वेगळीच, अदृश्य आणि प्रचंड मोठी पिढी उभी राहिली. अदालेत जिमजोझ या बाईंनी कितीतरी नायिकांना आवाज दिला. याच बाईंनी 1950 मध्ये इस्तंबूलमध्ये 'माया' नावाचं खासगी कलादालनही उघडलं होतं. त्यांचे बंधू फेर्दी तायफुर हे डबिंगमधलं दुसरं मोठं नाव. लॉरेल आणि हार्डी या दोघांनाही त्यांचाच आवाज, तोही परदेशी माणसाने मोडकंतोडकं तुर्की बोलावं तशा हेलात. प्रेक्षक त्या हेलावरच फिदा झाले. याच नावाचा पुढे गाजलेला गायक वेगळा, गल्लत करू नका.

डबिंगचा हा धंदा मुळात परदेशी चित्रपटांवर वाढला होता. 1938 च्या सुमाराला इजिप्तचे चित्रपट तुर्कीत तुफान चालू लागले. मग अरबी गाण्यांच्या जागी तुर्की गाणी रचून बसवायची पद्धत पडली आणि सादेत्तीन कायनाकसारख्या संगीतकारांना त्यातून काम मिळालं.

या पद्धतीने एक नुकसान मात्र केलं. आनातोलियातला मेंढपाळ असो, काळ्या समुद्राकाठचा कोळी असो की कुर्द शेतकरी, पडद्यावर सगळे इस्तंबूलच्या नाटकी, धुतलेल्या तुर्कीत बोलायचे. नायक, खलनायक आणि नायकाचा मित्र यांना त्याच चार-पाच माणसांचे आवाज. वऱ्हाडातला, मालवणातला आणि खानदेशातला माणूस एकाच पुणेरी गळ्यातून बोलतोय अशी कल्पना करा, म्हणजे काय हरवलं ते कळेल.

पार्श्वसंगीत कोण करायचं?

पुष्कळदा कुणीच नाही. स्टुडिओतल्या कपाटातली रेकॉर्ड काढायची आणि लावायची. परवानगीचा प्रश्न कुणाला पडत नसे. 1982 चा 'दुन्यायी कुर्तारान आदाम', म्हणजे 'जगाला वाचवणारा माणूस', हा याचा कळस. चेतीन इनांच दिग्दर्शक, ज्युनेत आर्किन नायक. अवकाशातली लढाई दाखवायला पैसे नव्हते, म्हणून 'स्टार वॉर्स'ची दृश्यं सरळ कापून मध्ये घातली. वर संगीत लावलं ते नुकत्याच आलेल्या 'रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क'चं. मूळ दृश्यं रुंद पडद्याची असल्याने अवकाशयानं आडवी दबलेली दिसतात. जगभर त्याची टर उडवतात. मी तो संकलकाच्या नजरेने पाहिला तेव्हा हसता हसता थांबलो. हाताशी दुसऱ्याच्या चित्रपटाचे चार तुकडे आणि एक हेल्मेट घातलेला नायक, एवढ्यावर त्या माणसाने अवकाशयुद्ध उभं केलंय. कुर्गु म्हणतात ते हेच.

सेन्सॉरमुळे संकलकाच्या कामावर काय परिणाम व्हायचा?

1939 च्या नियमावलीनुसार संहिता आणि तयार चित्रपट दोन्ही मंडळापुढे जात. कापा म्हटलं की कापायचं. 1986 मध्ये नवा कायदा आला तोवर हीच चौकट होती. पण दट्ट्या फक्त सरकारचा नव्हता. अदाना, इझमीर, साम्सून अशा भागांचे वितरक निर्मात्याला आगाऊ हुंड्या देत आणि मोबदल्यात मागण्या करत. अमुक भागात रडारड चालते, तमुक भागात मारामारी. कात्री संकलकाच्या हातात असायची, पण ती कुठे चालवायची हे ठरवणारे बरेच होते.

तुरुंगातल्या दिग्दर्शकाने चित्रपट केला आणि परदेशात संकलित केला, ही गोष्ट खरी का?

खरी. चित्रपट 'योल', म्हणजे वाट. यिल्माझ ग्युनेय तुरुंगात होता. त्याने बारीकसारीक सूचनांसह संहिता लिहिली आणि 1981 मध्ये शेरीफ ग्योरेनने त्याबरहुकूम चित्रीकरण केलं. 1980 च्या लष्करी उठावानंतरचे दिवस होते. ऑक्टोबर 1981 मध्ये ग्युनेय तुरुंगातून रजेवर बाहेर पडला तो परत गेलाच नाही, देश सोडून युरोपात पोचला. निगेटिव्हही देशाबाहेर गेली. स्वित्झर्लंडमध्ये एलिझाबेथ वेल्कली या संकलिकेबरोबर बसून त्याने चित्रपट संकलित केला. संकलक म्हणून श्रेयनामावलीत दोघांचीही नावं आहेत. संगीत झुल्फू लिवानेलीचं, पण त्याने ते सेबास्टियन अर्गोल या खोट्या नावाने दिलं. 1982 च्या फ्रान्समधल्या कान महोत्सवात 'योल'ला कोस्ता-गाव्रासच्या 'मिसिंग'बरोबर विभागून पाम द'ओर, म्हणजे तिथलं सर्वोच्च पारितोषिक, मिळालं. तुर्कीत तो दाखवायला 1999 उजाडलं. ग्युनेय 1984 मध्ये पॅरिसला वारला.

संकलनाच्या वर्गात मला कुणी एकच उदाहरण मागितलं तर मी हे देईन. आपण न पाहिलेला, दुसऱ्याने टिपलेला माल हातात येतो, पुन्हा चित्रीकरण करायची सोय नाही, नट दूर, दुसऱ्या देशात आणि मायदेशी परतायची वाट बंद. आहे त्यातूनच चित्रपट काढायचा. संकलक रोज हेच करतो, फक्त बहुतेकांना त्यासाठी परागंदा व्हावं लागत नाही.

त्यावरचा वाद मात्र मिटलेला नाही. 2017 मध्ये कान महोत्सवात 'योल'ची नवी, पूर्ण म्हणवली जाणारी प्रत आली आणि पडद्यावरची 'कुर्दिस्तान' ही अक्षरं तुर्कीसाठीच्या प्रतीतून काढल्यावरून टीका झाली. पस्तीस वर्षांनीही कुणीतरी कात्री घेऊन बसलेलंच.

सेटवर आवाज मुद्रित करायला सुरुवात कधी झाली?

एका तारखेला नाही. 1980 च्या दशकाअखेर येशिलचाम बसलं. टीव्ही आला, व्हिडिओ आला, अमेरिकन वितरक थेट बाजारात उतरले आणि 1990 च्या दशकात वर्षाला फार थोडे तुर्की चित्रपट पडद्यावर येऊ लागले. उद्योग कोसळला तशी त्याची सवयही सुटली. नवे लोक स्वतःच्या पैशांनी, चार मित्रांना घेऊन चित्रपट करू लागले.

नुरी बिल्गे जेलान हा त्यातला सगळ्यांना माहीत असलेला. त्याचा 1997 चा पहिला मोठा चित्रपट 'कासाबा' कृष्णधवल आहे आणि त्यातला आवाज जुन्या रिवाजाप्रमाणे नंतर भरलेला आहे. दोन वर्षांनी 'मायीस सिकिंतिसी' आला आणि तिथे इस्माईल कारादाश हा ध्वनिमुद्रक सापडतो. 2002 च्या 'उझाक'मध्येही तोच. संकलनाला जेलानबरोबर आयहान एर्ग्युर्सेल. 'उझाक'मध्ये रात्री स्वयंपाकघरात चिकटपट्टीवर अडकलेला उंदीर किंचाळतो. ते किंचाळणं किती वेळ चालू ठेवायचं हा निर्णय संकलकाचा की ध्वनीवाल्याचा? मला तरी सांगता येत नाही, आणि तसं सांगता न येणं हीच त्या कामाची खूण आहे. दिवाणखान्यातले दोन चुलतभाऊ एकमेकांशी बोलत नाहीत, उंदीर मात्र ओरडतो.

दिग्दर्शक स्वतःच संकलक का असतात?

पैसे वाचतात, हे पहिलं कारण. दुसरं, डिजिटल संगणकामुळे घरी बसून वर्षभर चित्रपट चिवडता येतो. जेलानचं नाव त्याच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटाच्या संकलनात आहे. झेकी देमिरकुबुझ आणि रेहा एर्देम यांनीही आपले चित्रपट आपणच कापले आहेत. पण जेलान बहुतेकदा सोबत दुसरा माणूस घेतो हे लक्षात घ्या. आधी एर्ग्युर्सेल, मग 'बिर झामानलार आनादोलूदा' आणि 'किश उय्कुसू'ला बोरा ग्योकशिन्ग्योल, 2023 च्या 'कुरू ओत्लार उस्त्युने'ला ओउझ आताबाश. 'किश उय्कुसू' 196 मिनिटांचा आहे आणि त्याला 2014 चं पाम द'ओर मिळालं. एवढ्या लांबीत "इथे कंटाळा येतोय" असं तोंडावर सांगणारा कुणीतरी शेजारी लागतोच.

ध्वनीच्या श्रेयनामावलीत एवढी जर्मन आणि फ्रेंच नावं का?

पैशांमुळे. तुर्की 1990 पासून युरिमाज या युरोपीय निधीत आहे. सहनिर्मिती झाली की त्या देशातही काही खर्च व्हावा लागतो. दिग्दर्शक, नट, गाव तुर्की, मग उरतं काय? ध्वनी. मिक्सिंग, म्हणजे सगळे आवाज एकत्र जुळवणं, कोलोनला नाहीतर पॅरिसला करून आणणं सगळ्यात सोपं. इस्तंबूलच्या ध्वनीवाल्यांना हे बोचतं, आणि बरोबरच बोचतं.

गंमत म्हणजे ही रीत पहिल्या दिवसापासूनची आहे. तुर्कीचा पहिला बोलपट 'इस्तांबूल सोकाक्लारिन्दा' 1931 चा, मुहसिन एर्तुरुलचा. त्याचंही ध्वनीचं काम पॅरिसलाच झालं होतं.

ज्या चित्रपटात संगीतच नाही त्यात ध्वनीवाल्याला काम काय?

सगळ्यात जास्त काम तिथेच असतं. सेमिह कापलानोलूचा 'बाल' (मध) घ्या. त्याला 2010 ला बर्लिन महोत्सवाचं सुवर्ण अस्वल हे सर्वोच्च पारितोषिक मिळालं. पार्श्वसंगीत अजिबात नाही. सहा-सात वर्षांचा तोतरा मुलगा आणि जंगलात उंच झाडांवर पोळी लावणारा त्याचा बाप. मुलगा बापाशी फक्त कुजबुजत बोलतो, कारण कुजबुजताना तो अडखळत नाही. आता ही कुजबुज ऐकू यायची तर भोवतालचं जंगल किती खाली आणायचं? फार खाली आणलं तर जंगल मेलं, वर ठेवलं तर मुलगा बुडाला. माश्या, पाऊस, पानं, फांदीचा करकर आवाज, प्रत्येकाला वेगळा ट्रॅक आणि वेगळी जागा. संगीत असतं तर यातलं निम्मं झाकून गेलं असतं.

रेहा एर्देम उलट्या बाजूने जातो. त्याचा 2006 चा 'बेश वाकित' पाच नमाजांच्या वेळांत विभागलेला आहे. दिवसाचे पहारेकरी म्हणजे अजान, आणि तिच्याशेजारी आर्वो पार्टचं संगीत. एस्टोनियाचा संगीतकार एजियन समुद्राजवळच्या खेड्यात कानाला खटकत नाही, ही जोडणाऱ्याची करामत.

आणि मग 'बिर झामानलार आनादोलूदा'चा शेवट. शवविच्छेदन चालू आहे. आपल्याला प्रेत जवळजवळ दाखवतच नाहीत, डॉक्टरचा चेहरा दिसतो. ऐकू येतं ते कापणं, ओलं काहीतरी सरकणं, धातूचा आवाज, तंत्रज्ञाची शांत बडबड. खिडकीबाहेर मृताची बायको आणि मुलगा निघालेत, शाळेच्या मैदानावर पोरं चेंडू खेळताहेत. चित्र कमी करून सगळा भार ध्वनीवर टाकायचा हा निर्णय संकलनाचा आहे. तो पेलला ध्वनीने.

पोट भरतं कशावर?

'दिझी'वर, म्हणजे टीव्ही मालिकांवर. कलात्मक चित्रपटाचा संकलक वर्षातले कितीतरी महिने मालिकाच कापत असतो. आणि तुर्की मालिका म्हणजे आपल्यासारखी रोजची वीस मिनिटं नव्हे. आठवड्याला एक भाग, पण तो दोन-अडीच तासांचा. आठवड्याला तुर्कीत 'हाफ्ता' म्हणतात, आपल्या 'हप्त्या'चाच भाऊ. दर हाफ्त्याला एका सबंध चित्रपटाएवढा हप्ता फेडायचा.

भाग एवढे लांबले ते जाहिरातींमुळे. दोन जाहिरात-विश्रांतींमध्ये ठरावीक अंतर ठेवायचा नियम आहे, म्हणून जास्त जाहिराती हव्या तर भाग ताणायचा. ताणणार कोण? संकलक. म्हणून ती प्रसिद्ध 'बाकिश्मा' दृश्यं: तो तिच्याकडे बघतो, ती त्याच्याकडे बघते, पुन्हा तो, पुन्हा ती, खाली व्हायोलिन. प्रेक्षक हसतात. पण पहाटे चार वाजता भाग सात मिनिटांनी कमी पडत असेल तर तुम्हीही नजरेलाच नजर भिडवाल. 2010 च्या अखेरीला इस्तंबूलमध्ये मालिकांचे कामगार रस्त्यावर उतरले होते. घोषणा होती 'येरली दिझी, येरसिझ उझुन', म्हणजे देशी मालिका, नाहक लांब. तुर्कीतला शब्दखेळ मराठीत येत नाही. भाग त्यानंतरही लांबच राहिले.

आपल्याकडे हिंदीत लागल्या त्या मालिकांचा मूळ आवाज कुठे गेला?

'फेरिहा' आणि 'फातमागुल' 'जिंदगी' वाहिनीवर हिंदीत लागल्या तेव्हा अनेक मराठी घरांतही पाहिल्या गेल्या. परदेशी विकायच्या मालिकेत संवाद एका बाजूला आणि संगीत-परिणाम दुसऱ्या बाजूला ठेवतात, त्याला 'एम अँड ई' म्हणतात. संवाद काढून तिथे हिंदी बसवलं की दार, पाऊल, व्हायोलिन मूळचंच राहतं. सेटवर माइकमध्ये संवादाबरोबर आलेली पावलं मात्र संवादाबरोबरच जातात, म्हणून ती स्टुडिओत नव्याने वाजवून ठेवावी लागतात. या कामाला 'फोली' म्हणतात. या मालिका शंभराहून जास्त देशांत गेल्या आहेत, त्यामुळे इस्तंबूलच्या फोलीवाल्यांना काम भरपूर. डबिंगवर वाढलेल्या उद्योगाचा माल आता जगभर डब होतोय.

हे शिकायचं कुठे?

इस्तंबूलच्या मिमार सिनान ललित कला विद्यापीठात सिनेमा-टीव्हीचा जुना विभाग आहे. सामी शेकेरोलू यांनी 1962 मध्ये सुरू केलेल्या एका फिल्म क्लबातून वाढत गेलेलं चित्रपट-संग्रहालय त्याच्याशी जोडलेलं आहे. ध्वनीसाठी इस्तंबूल तांत्रिक विद्यापीठाचं 'मिआम' हे 1999 पासूनचं संगीत केंद्र. बाकी मालिकांच्या संकलनकक्षात साहाय्यक म्हणून फाइलींना नावं देत बसणं, हाच अजूनही सगळ्यात चालता रस्ता.

संकलनाला बक्षिसं मिळतात का?

मिळतात. आंताल्याच्या 'आल्तिन पोर्ताकाल', म्हणजे सोनेरी संत्रं, या 1964 पासूनच्या महोत्सवात संकलनाचा वेगळा पुरस्कार असतो. बक्षिसाने पुढचं काम मिळतंच असं नाही, पण आई खूश होते.

पुण्यात शिकलेल्या मराठी मुलाला तिथे काम मिळेल का?

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलन आणि ध्वनी दोन्ही वेगवेगळे शिकवतात, त्यामुळे हात तयार असतो. अडचण भाषेची. परकी भाषा न कळता प्रतिमा कापता येते, संवाद नाही. वाक्य कुठे संपलं हे तुर्कीत शेवटच्या शब्दापर्यंत कळत नाही, कारण क्रियापद शेवटी येतं. (मराठी माणसाला ही सवय असते, हा आपला फायदा.) मिक्सिंग, फोली, ध्वनिआरेखन यांत भाषेचा अडसर कमी. कामाचा परवाना लागतो, तो काम देणाऱ्यानेच काढावा लागतो.

पाहायला सुरुवात कुठून करू?

'उझाक'पासून करा. रात्री, घर शांत झाल्यावर, हेडफोन लावून. पहिल्यांदा नेहमीसारखा पाहा. दुसऱ्यांदा उंदराच्या प्रसंगाच्या आधी पाच मिनिटं डोळे मिटा आणि खोलीत कोण कुठे बसलंय ते फक्त कानांनी ओळखायचा प्रयत्न करा. मला टीव्ही कुठे आहे ते कळलं, खिडकी कळली, मोठा भाऊ कळला. धाकटा कुठे आहे ते तिसऱ्यांदा ऐकल्यावर कळलं.